दोन तळव्यांमधली रवी

मित्रांनो, तुमच्यापैकी अनेकांनी मला कधी पाहिले नसेल, आणि पाहिले असेल तर बहुधा ड्रॉवरच्या तळाशी. मी रवी आहे. हातभर लांबीची, शिसवी लाकडाची, खालच्या टोकाला फुलासारख्या पाकळ्या असलेली. दोरी लावून घुसळायची ती मोठी रवी वेगळी. मी तिची धाकटी बहीण. दोन तळव्यांमध्ये धरून मला पुढे-मागे फिरवले की माझे काम सुरू होते. लंडनच्या हॅरो भागातल्या एका घरात मी राहते. गोष्ट माझी आहे खरी, पण सांगता सांगता ती राजश्रीचीच होऊन जाते. त्याला माझा इलाज नाही.

राजश्रीची आई कांताबाई कोल्हापूरला राहायची. तिने मला बाजारातून आणले तेव्हा माझ्या दांड्यावर अजून रंधा मारल्याचा वास होता. लग्न होऊन राजश्री इंग्लंडला निघाली, तेव्हा कांताबाईने मला एका टॉवेलात गुंडाळून तिच्या बॅगेत सारले.

"तिकडे सगळं मिळतं, आई," राजश्री म्हणाली.

"ताक मिळत नसेल," कांताबाई म्हणाली, आणि बॅगेची चेन लावून टाकली.

हॅरोच्या पहिल्या हिवाळ्यात दही लागेना. दूध रात्री जसे ठेवावे तसेच सकाळी. राजश्री रडकुंडीला आली. मग तिने एक जागा शोधली. जिन्याजवळच्या कपाटात गरम पाण्याची टाकी होती आणि तिच्यावर टॉवेल सुकायला ठेवत. त्या टॉवेलांच्या उबेत तिने विरजणाचे भांडे लपवले. दुसऱ्या दिवशी कवडीसारखे दही लागले. तिचे यजमान, उदयराव, कौन्सिलच्या ऑफिसात कामाला होते. आपल्या टॉवेलाला आंबूस वास येतो अशी त्यांची कुरकुर असायची, पण जेवताना ताकाची वाटी दुसऱ्यांदा पुढे करायला ते कधी विसरले नाहीत.

पुढे राजश्रीला एका शाळेच्या किचनमध्ये काम मिळाले. तिथे मुले सॅलडची पाने बाजूला सारायची, नाहीतर त्यांच्यावर बाटलीतले घट्ट, गोड क्रीम, म्हणजे ड्रेसिंग, ओतून पाने बुडवून टाकायची. घरी तिची मुलगी तनू तेच करू लागली. राजश्रीने एका संध्याकाळी दही फडक्यात बांधून नळाला लटकवले. श्रीखंडासाठी बांधतो तितका वेळ नाही, त्याच्या निम्म्यानेच. उतरलेला मऊ चक्का तिने पातेल्यात घेतला, खाली गळलेले पाणी वाटीत बाजूला ठेवले, आणि मला हातात घेतले.

ते दिवस मला फार आठवतात. आधी चक्का एकटाच घुसळायचा, गुठळी मोडेपर्यंत. मग मोहरीची पूड, मीठ आणि चिमूटभर साखर. मग ऑलिव्ह तेल, पण धार नाही, थेंब थेंब. एक हात बाटलीवर नेऊन ती थोडे सोडायची आणि पुन्हा दोन्ही तळवे माझ्याकडे आणायची. भाजलेल्या जिऱ्याची पूड, बारीक चिरलेला पुदिना. लिंबू अगदी शेवटी, कारण आधी पिळले तर चक्का रुसतो. आणि सरतेशेवटी त्या वाटीतले दह्याचे पाणी चमचाभर. त्या पाण्याने सगळे हलके व्हायचे. सायीसारखे मऊ, पण जिभेवर जड नाही; पानावर टाकले तर पानाला धरून राहील इतकेच दाट.

तनूने पहिल्या दिवशी काकडी खाल्ली, दुसऱ्या दिवशी पाने. शेजारची मॉरीन कुंपणावरून वाटी मागू लागली. उन्हाळ्यात मराठी मंडळाची पिकनिक असली की फोन यायचा, "राजश्री, तू बाकी काही आणू नकोस, तुझं ते पांढरं ड्रेसिंग आण." त्या दिवशी मला मोठ्या पातेल्यात उतरावे लागे. राजश्रीच्या बांगड्या वर सारलेल्या असत आणि ती घुसळता घुसळता काहीबाही गुणगुणत असे. मित्रांनो, लाकडाला अभिमान वाटतो की नाही ते मला ठाऊक नाही, पण मला बरे वाटायचे.

मग वर्षे गेली. तनू शिकली, मँचेस्टरला हॉस्पिटलात नोकरीला लागली, तिथेच तिने घर घेतले. राजश्रीची मनगटे दुखू लागली होती. तनूने तिला वाढदिवसाला विजेचा ब्लेंडर दिला. बटण दाबले की काम झाले. ड्रेसिंग थोडे पातळ व्हायचे, पण आईचे मनगट दुखत नाही यात मुलीला समाधान होते, आणि त्यात तिचे काहीच चुकले नाही. मी ड्रॉवरमध्ये गेले. माझ्यावर पिझ्झा कापायचे चाक आले, जुने सेल आले, कुठल्या तरी दुकानाचे मेन्यू आले. माझ्या पाकळीला एक बारीक चीर गेली. वर ओट्यावर राजश्रीचा आवाज ऐकू यायचा, तेवढी सोबत होती.

गेल्या ऑक्टोबरात तो आवाज थांबला.

राजश्रीला स्ट्रोक आला होता. बरेच आठवडे ती हॉस्पिटलात होती. घरी आली तेव्हा तिची पावले काठीच्या आवाजासोबत ऐकू आली. उजवा हात लुळा पडला होता, थोडासाच हलायचा. गिळायला त्रास नव्हता, समजत तिला सगळे होते. पण बोलायला गेली की तोंडातून एकच शब्द यायचा, "खिडकी". पाणी हवे असले तरी खिडकी, नको असले तरी खिडकी. घरी येणारी स्पीच थेरपिस्ट उदयरावांना समजावून सांगायची, की शब्द आत आहेत, फक्त बाहेरची वाट चुकतात. घाई करू नका, तिच्या ओळखीची कामे तिला करू द्या.

पण कोणती कामे? उदयराव तिला कशालाच हात लावू देत नसत. "तू बस, मी करतो," असे ते प्रेमाने म्हणायचे. डब्यातले सूप, टोस्ट, कोणी शेजाऱ्यांनी दिलेली भाजी. राजश्री दोन घास खायची आणि ताट डाव्या हाताने लांब सारायची. हळूहळू तिने खिडकी म्हणणेही सोडले. त्या घरात इतकी शांतता मी कधी ऐकली नव्हती.

मार्चमध्ये तनू शनिवारी-रविवारी राहायला आली.

"बाबा, बी रिअलिस्टिक," ती किचनमध्ये हळू आवाजात म्हणाली. "आईची वजन किती कमी झाली बघा. तुम्ही पण दमलेले दिसता. हे घर विकू या आणि तुम्ही दोघं माझ्याकडे या. नाहीतर एखादा चांगला केअर होम बघू." तनूचे मराठी असेच, इथल्या शाळेत वाढलेले. पण तिचा आवाज कापत होता, तो कुठल्याही भाषेत कळला असता.

"तिला विचारलंस?" उदयराव म्हणाले.

"ती काय सांगणार, बाबा?"

उदयरावांनी फ्रिजमधून दह्याचे भांडे काढले. मग म्हणाले, "आज दुपारी मी ते ड्रेसिंग करतो. तिचं. ते तरी ती खाईल."

त्यांनी आयुष्यात कधी चक्का बांधला नव्हता, पण राजश्रीला करताना पाहिले होते, निदान तसे त्यांना वाटत होते. सकाळपासून त्यांनी दही फडक्यात टांगून ठेवले. दुपारी राजश्रीला किचनमधल्या खुर्चीत बसवले, चक्का, तेल, मोहरी, अख्ख्या लिंबाचा रस सगळे एकदमच भांड्यात घातले आणि ब्लेंडर सुरू केला. मला ड्रॉवरमध्ये घरघर ऐकू आली. थांबली तेव्हा भांड्यात फुटलेले पांढरे पाणी होते.

"खिडकी," राजश्री म्हणाली. कितीतरी दिवसांनी बोलली.

उदयरावांनी धावत जाऊन खिडकी उघडली. थंड वारा आत आला.

"खिडकी," ती पुन्हा म्हणाली, जोरात.

त्यांनी खिडकी लावली. ती डाव्या हाताने टेबलावर थापट्या मारू लागली. उदयराव तिथेच उभे राहिले, हातात लिंबाची फोड. "मला कळत नाही गं," ते म्हणाले. "मला खरंच कळत नाही तुला काय हवंय."

तनू पुढे व्हायला निघाली. पण राजश्री काठीच्या आधाराने उठली होती. ती ओट्यापाशी आली, काठी ओट्याला टेकवली आणि डाव्या हाताने ड्रॉवर ओढला. मेन्यू खाली पडले, पिझ्झाचे चाक पडले. तिची बोटे तळाशी गेली आणि माझ्या दांड्याभोवती मिटली. मित्रांनो, ती पकड मी विसरले नव्हते.

फडक्यात अजून थोडा चक्का शिल्लक होता. तिने तो पातेल्यात काढायची खूण केली. मला पातेल्यात उभे केले, डावा तळवा एका बाजूला लावला, आणि उजवा हात उचलू लागली. तो अर्ध्यावर आला आणि खाली पडला. पुन्हा उचलला, पुन्हा पडला. तिने खाली मान घातली.

उदयराव तिच्या शेजारी येऊन उभे राहिले. काही न विचारता त्यांनी आपला उजवा तळवा माझ्या दुसऱ्या बाजूला लावला.

सुरुवातीला आमचे काही जमले नाही. ते पुढे ढकलत तेव्हा तीही पुढे ढकलायची, आणि मी पातेल्याच्या काठावर आपटायची. मग राजश्रीने थांबून त्यांच्याकडे पाहिले. तिने आपला तळवा सावकाश पुढे नेला आणि थांबली. त्यांनी आपला मागे घेतला. पुढे, मागे. एवढ्या वर्षांच्या संसारात त्या दोघांनी मिळून असे एक काम कधी केले नव्हते. तनूने मोहरीची पूड टाकली, न सांगता बाटली घेतली आणि थेंब थेंब तेल सोडू लागली. तिने लिंबू उचलले, तसा राजश्रीने तिचा हात अडवला. जिरे झाले, पुदिना झाला, आणि मगच तिने लिंबाकडे बोट केले. उदयराव चक्क्याखालची पाण्याची वाटी बेसिनमध्ये रिकामी करणार होते; ती तिने ओढून घेतली. चमचाभर पाणी पडले आणि माझ्या पाकळ्यांभोवतीचा जडपणा गेला. मला ते लगेच कळले.

राजश्रीने करंगळी बुडवून चाखले. बराच वेळ ती भिंतीकडे पाहत राहिली, ओठ हलवत.

"मीठ," ती म्हणाली.

उदयराव वळले. "काय म्हणालीस?"

"मीठ," ती चिडून म्हणाली. "मीठ... नाही."

खरेच, सगळेच जण मीठ घालायला विसरले होते. उदयरावांनी डबा उघडून पुढे धरला आणि चिमूट तनूने घातली. त्या दुपारी राजश्रीने ताटलीतली काकडी संपवली, पाने संपवली, आणि उरलेले ड्रेसिंग टोस्टला लावून खाल्ले. तनू तिच्या समोर बसून तिला खाताना पाहत होती. संध्याकाळी कोट घालताना ती म्हणाली, "बाबा, समरपर्यंत थांबू या. मी दर महिन्याला येते. मग आपण तिघं बसून ठरवू. आईलापण विचारू."

राजश्री काही पूर्वीसारखी झालेली नाही, हे मी लपवणार नाही. कधी ताट म्हणायचे असते आणि तारीख येते. पण आता मूठभर शब्द तिच्याजवळ आहेत, वजन थोडे वाढले आहे आणि उजवा हात पातेल्याच्या काठापर्यंत पोचतो. घर अजून त्यांचेच आहे. मॉरीनची वाटी कुंपणावरून पुन्हा येऊ लागली आहे. मला आता ओट्यावरच्या मगमध्ये जागा मिळाली आहे.

मित्रांनो, तुमच्या घरी माझी एखादी बहीण असेल तर काम झाल्यावर तिला धुऊन कोरडी पुसा, अधूनमधून तेलाचे बोट लावा, डिशवॉशरमध्ये घालू नका. एवढे केलेत तर आम्ही पुष्कळ वर्षे टिकतो. पण माझे मागणे खरे तर माणसांसाठी आहे. कुणाचा हात थकला, कुणाची जीभ अडखळू लागली, तर त्यांच्या हातातले काम लगेच काढून घेऊ नका. तू बस, मी करतो, असे म्हणणे सोपे असते. त्यापेक्षा शेजारी उभे राहा, दुसऱ्या बाजूने आपला तळवा लावा, आणि पुढे कधी, मागे कधी, ते त्यांना ठरवू द्या.