वाणाची खात्री

जालन्यातल्या एका प्रयोगशाळेत सत्यशीला केळीच्या रोपांच्या बाटल्यांवर वाणाची लेबलं लावायची. बारा वर्षांत तिचं लेबल एकदाच चुकलं, आणि वडीगोद्रीच्या शेतकऱ्याला ते थेट घड लागल्यावर कळलं. दुसऱ्यांदा चुकलं ते तिनं मुद्दाम चुकवलं.

नवरा ओमप्रकाश मूत्रपिंडं निकामी होऊन गेला होता. त्याच्या बापाची, अण्णासाहेबांची, किडनी जुळत होती. पण अण्णासाहेब डॉक्टरांसमोर म्हणाले, "मला अजून जगायचंय. पोराचं नशीब पोरापाशी." ओमप्रकाश खाटेवरून ऐकत होता. त्यानंतर तो सोळा दिवस जगला आणि बापाबद्दल एक शब्द बोलला नाही. ते बोलणं सत्यशीलाच्या वाट्याला राहिलं.

त्याच्या कातडीचा तुकडा तिनं प्रयोगशाळेत गोठवून ठेवला. कशासाठी, हे तिलाही सांगता आलं नसतं.

दोन वर्षांनी अण्णासाहेब तिच्या दारात आले. हैदराबादला पेशीपासून माणूस जसाच्या तसा करून देतात, असं त्यांना कळलं होतं.

"माझा ओम वापस पाहिजे, सूनबाई. घर खायला उठून राह्यलंय."

"करू की, मामा. पण तुमच्याबी कातडीचा तुकडा लागंल. घराण्यातला आजार तपासायला."

एवढंसं द्यायला त्यांनी कां-कू केलं नाही.

दोन कुप्या तिच्यासमोर होत्या. ओमप्रकाश पुन्हा त्याच ओसरीवर रांगणार, त्याच माणसाला अण्णा म्हणणार, हे तिला सोसवेना. तिनं बापाच्या कुपीवर मुलाचं नाव चिकटवलं आणि ती हैदराबादला पाठवली. दुसरी, बाद रोपं संपवतात तशी, वाफेच्या भांड्यात संपवली. त्या दिवशी ती जेवली नाही.

भाड्यानं पोट दिलेल्या बाईला मुलगा झाला. तो आठ महिन्यांचा झाल्यावर अण्णासाहेबांची थोरली बहीण आसराबाई धावड्याहून हसनाबादला भावाच्या घरी त्याला पाहायला आली. सत्यशीलाही आली होती. आसराबाईनं लेकराचं टोपरं काढलं.

"अण्णा, हा तर तूच हायेस. कानापाशी हे भोक तुला होतं, ओमला न्हाई."

"काहीबी बोलू नको, अक्का."

"तुला कडेवर घेऊन मेंढरामागं हिंडले मी. मला शिकवतो व्हय?"

अण्णासाहेब हसले. मग त्यांनी सुनेकडे पाहिलं आणि हसू विरलं.

"काय दिलंस तू?"

"तुमचा सगळ्यात जास्त जीव ज्याच्यावर, तोच दिला, मामा."

"आन् माझा ओम?"

"त्याला तुमच्या घरात दोनदा कशाला मरू द्यायचं? आता त्याचा एक कणसुद्धा उरला न्हाई."

आसराबाईनं लेकराला खाली सोडलं. ते रांगत आलं आणि अण्णासाहेबांच्या गुडघ्याला धरून उभं राहू लागलं. त्यांनी पाय आखडला. ते पडलं, रडू लागलं. याच घटकेसाठी सत्यशीला दीड वर्ष थांबली होती. ती बघत राहिली. तिनंही उचललं नाही.

आसराबाईनं उचललं. "तुम्ही दोघं बसा एकमेकांकडं बघत," ती म्हणाली, "याला भूक लागली."