शर्टाच्या कॉलरचा वास

पाय प्लास्टरमध्ये गेला आणि साबणाच्या कारखान्यातून मला तीन आठवड्यांची सक्तीची रजा मिळाली. खिडकीशी पाय वर करून बसायचं, दुसरं काम नाही. सोळाव्या दिवशी नवऱ्याच्या शर्टाला वास आला.

गोड, फुलांचा. बाईचा.

हे शाळेची बस चालवतात. यांच्या अंगाला डिझेल नि घाम, यापलीकडे वास यायचं कारण नाही. मी दुसरा शर्ट हुंगला. तिसरा. मग कपाटातले धुतलेले. त्यांनाही तोच! धुऊनही जात नाही म्हणजे बया किती चिकट असेल.

संध्याकाळी हे आले तेव्हा मी मुद्दाम खांद्याशी वाकले.

"काय गं?"

"तोल गेला."

यांनी हाताला धरून मला अलगद बसवलं. एवढी माया! मनात पाल चुकचुकली.

दुसऱ्या दिवशी नणंदेला बोलावलं. भावाची बाजू घेईल, पण खोटं बोलताना तिचे कान लाल होतात. शर्ट तिच्या नाकाशी धरला.

"सांगा, कुणाचा वास हा?"

"तुमचा."

"वन्सं, थट्टा नको. इथं माझा संसार बुडतोय."

"अहो वहिनी, तुमच्या दारात पाऊल टाकलं की हाच वास येतो. पडद्यांना, उशांना, दादाला. तुमच्या लेकीला वर्गात साबणवडी म्हणायचे, विसरलात?"

कान जसेच्या तसे.

मी कपाट उघडलं. यांच्या शर्टांच्या मधोमध माझा कारखान्याचा एप्रन. अकरा वर्षं तिथंच लटकतोय.

कामाच्या पहिल्या दिवशी याच वासानं मला मळमळलं होतं. मुकादमबाई म्हणाली होती, "दुपारपर्यंत थांब. नाक तेच तेच सांगत बसत नाही, नवं काही आलं तरच ओरडतं." दुपारी वास गेला, म्हणजे मला यायचा थांबला. सोळा दिवसांच्या रजेनं नाक पुन्हा जागं झालं, आणि पहिला आळ घेतला तो माझ्यावरच.

रात्री जेवताना यांना विचारलं, "तुम्हाला माझा वास येतो?"

यांनी मान पुढं करून हुंगलं. "छे! कसला?"

प्लास्टर निघालं तसा मी एप्रन दाराबाहेरच्या खुंटीला टांगला. यांचे शर्ट आता कोरे. उद्या वास आलाच तर तो माझा नसेल.

फक्त त्या बयेनं आमच्या कारखान्याचा साबण वापरू नये, म्हणजे झालं.