दांड्याच्या रस्त्याची अडलेली रुंदी

अनंताने चालू छपाई मध्येच थांबवली. प्रिंटरच्या तोंडातून अर्धा कागद लोंबत राहिला.

"का रे थांबवलंस?" सबनीससाहेब दारात बूट काढून मोज्यांवर आत आले. अंधेरीच्या त्या ऑफिसात कॉम्प्युटरची खोली तेवढी थंड होती आणि तिथे बूट-चपलांना बंदी होती.

"एक आकडा परत बघायचा होता, सर."

"पुरे आता आकडे. डोळे गेले माझे." साहेबांनी चष्मा काढून पापण्या चोळल्या. "मी जेवून येतो. तोवर छापून ठेव. उद्या पालिकेला बाजाराचा रिपोर्ट द्यायचाय."

*

फेरी : श्रावण

कॉम्प्युटरच्या पडद्यावर खारदांड्याचा बाजाररस्ता म्हणजे दोन हिरव्या रेघा. मधून ठिपके जातात. ठिपका म्हणजे गाडी. लांबट ठिपका म्हणजे बस.

कोळणी दिसत नाहीत. त्यांच्या जागी एक आकडा आहे, अडलेली रुंदी. कडेला बसलेल्या बाया, टोपल्या, वाकून घासाघीस करणारी गिऱ्हाइकं, सगळी मिळून रस्ता जेवढा खातात तेवढी.

हा आकडा श्रावणात मोजला. मोजणारी पोरं दुपारीच मोकळी झाली, कारण मोजायला फारसं काही नव्हतंच. होड्या किनाऱ्यावर झाकून ठेवलेल्या. नारळी पौर्णिमेपर्यंत समुद्रात कोणी जात नाही, आणि निम्मी गिऱ्हाइकं श्रावण पाळतात. साहेबसुद्धा पाळतात. कडेला सुक्या बोंबलांच्या चार-दोन टोपल्या होत्या, बाकी रस्ता मोकळा.

ठिपके सुरळीत गेले.

निष्कर्ष : वाहतुकीस अडथळा नाही. मागे नवी शेड बांधून बाजार तिथे हलवण्याची आवश्यकता नाही.

*

फेरी : कार्तिक

साहेब जेवायला गेल्यावर अनंताने श्रावणातला आकडा काढून कार्तिकातल्या भर बाजाराचा घातला. त्यासाठी कुठे जाऊन मोजायला नको होतं. तो त्याच रस्त्यावर, त्याच टोपल्यांच्या मागे वाढला होता. त्याची आई मंजुळा तिथे बसायची. त्याआधी आजी बसायची. जागा तीच. बाजार हलवायची गोष्ट घरात निघाली की आई गप्प व्हायची, आणि तिला जागा सोडवत नाही, असा त्या गप्प होण्याचा अर्थ अनंताने कधीच लावून टाकला होता.

त्याने बटण दाबलं.

ठिपके आले. बस वळायला थांबली. बसमागे

ठिपका

ठिपका ठिपका

ठिपकाठिपकाठिपका

आणि मग काहीच हललं नाही. दोन रेघांच्या मध्ये नुसता हिरवा गिलावा.

"हे काय झालं?" साहेब बडीशेप चघळत परत आले होते.

अनंताने मान वर केली नाही. मोजणी श्रावणातली आहे, एवढंच म्हणायचं होतं. पण मग सगळं परत मोजावं लागलं असतं, आणि खऱ्या मोजणीनंतर शेडचा निर्णय व्हायला दोन मिनिटंही लागली नसती.

"आकडा चुकीचा पडला, सर."

"मग काढ तो. घाबरवलंस ना यार." साहेब खुर्चीत टेकले. "तुझ्या दांड्याचं काम झालं बघ. आता आईला सांग, सबनिसांना पापलेट जरा हात सैल सोडून दे."

"ती तुम्हालासुद्धा भावात सोडणार नाही, सर."

साहेब थकल्यासारखे हसले. अनंताने आकडा काढला, जुना घातला. अर्धवट लोंबणारा कागद फाडून टाकला आणि पहिल्यापासून छापायला लावलं.

*

फेरी : खरी

दांड्याला पोचायच्या आतच बस अडकली. कंडक्टरने घंटी मारून मारून शेवटी नाद सोडला. अनंता उतरला आणि गाड्यांच्या फटींतून चालत निघाला.

मंजुळा सुरमई कापत होती. शेजारच्या टोपलीवर जयामावशी. दोघींच्या मध्ये रॉकेलची चिमणी. अनंता आईसमोर उकिडवा बसला.

"आये, बाजार हलत नाय. ठरलं."

कोयता चालूच राहिला. "कोन बोलला?"

"आमच्याच ऑफिसातून जातोय रिपोर्ट. मशीनवर मीच केला."

"तू केलास?"

"मीच."

मंजुळाने तुकडे कागदात बांधले, गिऱ्हाइकाच्या हातात दिले. मग कोयता आडवा ठेवला.

"म्हंजे शेड नाय व्हनार?" जयाने विचारलं.

"नाय मावशी. तुमच्या जागा तशाच राहिल्या."

"अरं, पन तिथं नळ देनार व्हते ना. आनी बायांसाठी आडोसा, दारं लावलेला. मंजे, तूच नाय का सांगत व्हतीस, सगल्यांच्या आधी मीच जानार तिथं—"

"गप गं जया."

मागून हॉर्न वाजला, मग दुसरा. मंजुळाने अनंताकडे पाहिलं. त्याच्या शर्टाच्या कॉलरवर बसलेली माशी तिने मनगटाने उडवली.

"बरं केलास," ती म्हणाली. "दमलास ना रं?"

"तू दमली असशील."

त्याच्या खांद्यावर हात टेकून ती हळूहळू उठली. पदर खोचला. टोपलीमागचा पाण्याचा डबा उचलला.

"जरा बस हितं. मी खडकाकडं जाऊन येते."

"आत्ता? सकाळपासून गेली नाहीस?"

"सकालपासून उजेड व्हता," मंजुळा म्हणाली, आणि अडकलेल्या गाड्यांमधून वाट काढत निघून गेली.