साहेबांचं फाटक आणि मी

मी जेबेझ थोर्लीची बॅट बोलतेय. पाठीला तडा गेलाय, पण आठवण शाबूत आहे.

नॉटिंगहॅमजवळच्या ओढ्याकाठी विलोचं झाड होतं, त्याच्या खोडातली मी. सुताराने तासलं आणि जेबेझने जवसाचं तेल चोळचोळून मोठं केलं. "पोटच्या पोरींना कधी एवढं तेल लावलं नाही," असं त्याची बायको केझाया म्हणायची. जेबेझ पोटासाठी खेळायचा. हौसेने खेळणारे ते साहेबलोक. मैदानात शिरायचं त्यांचं फाटक पुढे, पगारी खेळाडूंचं मागे. साहेबांच्या फाटकातून पाऊल टाकलं की नोकरी गेली, हे त्याच्या हाडात मुरलेलं.

मग मला गोणपाटात गुंडाळून तो बोटीने ऑस्ट्रेलियात आला. खाणीच्या एका गावातल्या क्लबाने त्याला हंगामापुरतं बोलावलं होतं. काम पटलं तर कायमची नोकरी, मैदानामागे दोन खोल्या, आणि मग केझायाला अन् मुलींना बोलावणं. नाही पटलं तर आला तसा परत.

घोळ असा झाला, की इथल्या मैदानाला फाटक एकच! जेबेझने मागचं फाटक शोध शोध शोधलं. सापडेना, तेव्हा हा शहाणा कुंपणावरून चढून जायला लागला. आधी मी पलीकडे पडायची, मग तो. अख्खा हंगाम हेच! लोकांना वाटलं, विलायतेत असंच जात असतील. दोघे-तिघे गडी तर तसं चढायला शिकलेसुद्धा.

शेवटचा सामना शेजारच्या गावाशी होता. क्लबाचे अध्यक्ष पार्गेटर म्हणाले, "थोर्ली, आज जिंकलो तर खोल्या तुझ्या."

नऊ गडी बाद, तीन धावा हव्या, आणि शेवटचा जेबेझ. पाळी येईपर्यंत तो नेहमीसारखा कुंपणाबाहेरच बसलेला. केझायाने शिवून धाडलेली नवी विजार त्याने त्याच दिवशी घातली होती. मला आत फेकून तो कुंपणावर चढला आणि वरच्या खिळ्यात अडकला. मी गवतावर पडलेली, मालक वर लोंबकळतोय!

समोरच्या कप्तानाने घड्याळ काढलं. "दोन मिनिटांत आला नाही तर बाद."

"अरे, फाटक उघडं आहे ना!" पार्गेटर ओरडले.

"ते साहेबलोकांचं आहे, साहेब."

"कुठले साहेबलोक? मी खाटीक आहे, गाढवा! आपला कप्तान दारू विकतो! ये आत फाटकातून!"

टर्रकन आवाज आला. जेबेझ बाहेरच्या बाजूला पडला, उठला आणि जन्मात पहिल्यांदा पुढच्या फाटकातून धावत आला. विजारीचा मागचा भाग खिळ्यावरच राहिला होता. त्याने मला उचलून आधी पाठीमागे धरलं. पण माणसं चारी बाजूंना, झाकणार कुठून कुठून?

"बाई, आता पळणं जमायचं नाही," तो माझ्या कानाशी पुटपुटला.

चेंडू आला. जिवाच्या आकांताने त्याने मला फिरवलं. चेंडू थेट कुंपणाला, चार धावा, एकही न पळता! माझ्या पाठीत कट्कन वाजलं, ते टाळ्यांत कुणालाच ऐकू गेलं नाही.

सहा महिन्यांनी केझाया आली. खिळ्यावर चिंधी अजून फडफडत होती. तिने आपली शिवण बरोबर ओळखली.

"अहो, फाटकाला काय धाड भरली होती?"

केझायाने मला उचललं आणि उघड्या फाटकाला टेकू म्हणून ठोकून बसवलं.

तेव्हापासून मी इथेच. खाटीक येतो, दारूवाला येतो. जेबेझही येतो, म्हातारा झाला, तरी आत शिरताना टोपी काढतो. तुम्ही कधी इकडे आलात तर कुंपणाकडे बघूसुद्धा नका. मी उभी आहे तोवर फाटक मिटायचं नाही. सरळ आत या.