हसवणाऱ्याची रंगपेटी

मी एक पत्र्याची रंगपेटी बोलतेय. माझा जन्म बेल्जियममधल्या अँटवर्प शहरातला, बंदराजवळच्या गल्लीतला. कामील व्हरलोय तेव्हा गोदीत पोती वाहायचा आणि रविवारी हौशी मंडळींच्या नाटकात कामं करायचा. त्याच्या बायकोनं, स्टान्सनं, मला विकत आणलं.

"तोंडाला चुलीची काजळी फासून किती दिवस नाचणार? नटासारखा नट हो," ती म्हणाली.

पुढं शहरात मुके सिनेमे निघू लागले. एका लहानशा कंपनीनं कामीलला काम दिलं. भूमिका कोणती, तर सासूनं घराबाहेर काढलेला मासेविक्या! माझ्यातला पांढरा रंग थापून तो पडद्यावर रडायचा. आधी हनुवटी थरथरायची, मग ओठ, मग चक्क कान. लोक हसून हसून खुर्चीवरून खाली यायचे.

त्याचं नाव झालं. बाजारात शिंपले विकणाऱ्या बायका त्याला अडवायच्या.

"ए कामील, रड की जरा! ओंजळभर जास्त घालते."

तोही रडून दाखवायचा आणि जड पिशवी घेऊन घरी यायचा. स्टान्स शिंपले धुताना म्हणायची, "तुझ्या आसवांवर घर चाललंय बघ!"

मग स्टान्सच्या छातीत क्षय शिरला. कामील दिवसभर लोकांना हसवून यायचा आणि तिच्या उशाशी गप्प बसायचा. हिवाळा सरायच्या आत ती गेली.

त्या दिवशी मी घरीच होते. चर्चपाशी जे घडलं ते मला मागाहून कळलं. शवपेटी गाडीतून उतरवताना रस्त्यावरच्या लोकांनी टोप्या काढल्या होत्या. कामीलची हनुवटी थरथरली, मग ओठ. गर्दीत कुणीतरी फिस्सकन हसलं. दुसऱ्यानं तोंडावर हात धरला. आणि मग सगळी गर्दीच खदखदली. हसणाऱ्यांनाही लाज वाटत होती म्हणे, पण हसू आवरेना.

कामीलनं चेहरा दगडासारखा केला.

घरी आल्यावर त्याच्या लेकीनं, मारीतानं, विचारलं, "बाबा, ते का हसले?"

"सवय गं, पोरी. मीच लावलीय."

महिन्याभरात कंपनीनं नवा सिनेमा काढला. कामीलनं मला उघडलं, रंग लावला, दिव्यांसमोर उभा राहिला. चेहरा हलेना. दिग्दर्शक वैतागला.

"अरे, आता तर खरं दुःख आहे तुझ्याकडं. वापर की ते!"

कामीलनं दिव्यांकडं पाठ फिरवली. रंगही न पुसता मला बगलेत मारलं आणि चालू लागला. दुसऱ्या दिवसापासून पुन्हा गोदी, पुन्हा पोती. वर्षं गेली, बोलपट आले, लोक त्याला विसरले. त्याच्या डोळ्यांत पाणी मात्र मी परत पाहिलं नाही.

म्हातारपणी एका सकाळी तो झोपेतच गेला. मारीतानं त्याच्या अंगावरचं पांघरूण सारखं केलं. मग एकेक खिडकी लावली, पडदे ओढले, दाराला कडी घातली आणि कडी नीट बसली का ते पाहिलं. मगच ती रडली.

आता मी तिच्या स्वयंपाकघरात फळीवर असते. झाकण गंजलंय, बिजागरी कुरकुरते. माझ्यात बटणं ठेवा, सुया ठेवा, नाहीतर भंगारात द्या, माझी तक्रार नाही. फक्त कुणाच्या चेहऱ्याला लावायचा रंग आता माझ्यात भरू नका.