सिमेंटच्या दरजा

“कुठल्या गाढवानं केलंय हे?” जेमानं विटेवर नुसतं बोट टेकवलं आणि विटेचा पापुद्रा भुकटी होऊन खाली आला. “घर घेऊन वर्ष नाही झालं, मिस्टर बॅराक्लफ, आत बुरशी धरलीय!”

म्हातारा गवंडी विल्फ बॅराक्लफ गुडघ्यावर हात ठेवून वाकला. लीड्समधल्या या रांगेतलं हे पहिलं घर. १८७४ साली एका गिरणीच्या हेडक्लार्कनं हौसेनं बांधलेलं. पुढे आलेली तीन तावदानांची खिडकी, वर कोरीव दगडी पट्टी, दारात रंगीत फरशी. विटा पार खंगल्या होत्या. दोन विटांमधल्या फटीत भरलेल्या सिमेंटच्या दरजा मात्र ताठ उभ्या होत्या. दरजेचा खालचा काठ किंचित बाहेर काढायची ती खोड त्यानं लगेच ओळखली. ती खोड त्याचीच होती.

एकोणीसशे एकोणऐंशी साली, विसाव्या वर्षी घेतलेलं त्याचं पहिलं स्वतंत्र काम. वडील तेव्हा म्हणाले होते, “अरे, ही जुनी वीट मऊ असते. पाणी पिते नि चुन्यातून सोडते. सिमेंट भरून तिचं तोंड बांधू नकोस.”

“चुना कालवत बसायला वेळ कुणाला आहे, बाबा? सिमेंट शंभर वर्षं हलत नाही.”

नव्हतंच हललं. आत कोंडलेलं पाणी दर हिवाळ्यात विटेतच गोठलं आणि विटेची सालं काढत राहिलं.

त्यानं छिन्नी लावून पाहिली. सिमेंट जागचं हललं नाही, अर्धी वीट तेवढी निखळली. इतकं चोख काम केल्याबद्दल स्वतःच्याच मुस्काटात मारावी, असं त्याला वाटलं.

“नाव कळू दे त्याचं, सोडत नाही मी! तुम्ही इथलेच, तुम्हाला ठाऊक असेल.”

तो कधीच मेला, असं सांगितलं असतं तरी खपून गेलं असतं. वसंतापासून विल्फकडे आलेलं हे एकच काम होतं, आणि चुन्यात एक भिंत नीट भरून मगच थापी खाली ठेवायची, असं त्यानं मनाशी घेतलं होतं.

“मीच,” तो म्हणाला.

“काय मीच?”

“ते गाढव.”

जेमा आधी हसली. मग तिचा चेहरा उतरला. “आणि परत तुमच्याच हातात भिंत देऊ? डोकं फिरलंय का माझं? दुसरा बघते मी.”

“बघा. पण त्याला मशीन लावू देऊ नका, बाई, वीट कापली जाईल. छिन्नीनं, हातानंच काढायला सांगा. आणि भरायचा तो चुनाच.”

दार आपटलं. विल्फनं हत्यारं पिशवीत भरली. एकोणऐंशीच्या त्या उन्हाळ्यात हे पहिलं घर बघून अख्ख्या रांगेनं त्याला बोलावलं होतं. हे धरून अकरा घरं, सगळ्यांच्या दरजा सिमेंटच्याच.

तो गाडीकडे गेला नाही. शेजारच्या फाटकातून आत शिरला, टोपी काढून हातात घेतली आणि घंटा दाबली.