बुरशीला पाच दिवस लागतात

मला राग लवकर येतो, हे आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे. येतो आणि चहा होईपर्यंत जातो. पण रोज सकाळी दात घासताना पुन्हा पहिल्यापासून सुरू होणारा राग मला या मार्चमध्ये पहिल्यांदा कळला. त्यातला अर्धा माझ्यावरच होता, त्यामुळे तो धड कुणावर काढताही येईना.

मी सावनी. औषधाच्या गोळ्या बनवणाऱ्या कारखान्यात क्वालिटी कंट्रोलला आहे. आधी नाशिकला अंबडच्या एमआयडीसीत सहा वर्षं, मग इथे अमेरिकेत एकोणीस. माझं काम म्हणजे दुसऱ्याने लिहिलेल्या कागदावर विश्वास न ठेवणं, आणि त्याचा मला पगार मिळतो. अंबडला मोरेश्वर सरांनी पहिल्याच दिवशी समोर एक रिपोर्ट टाकला होता आणि विचारलं होतं, "आधी काय बघशील?" मी म्हटलं, आकडे. ते म्हणाले, "नाही. आधी तारखा. आकडे कुणीही छान लिहितो."

राधिका माझी मावसबहीण, माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान. आमच्या घरापासून वीस मिनिटांवर राहते. गेल्या सप्टेंबरात तिला लिम्फोमा निघाला आणि केमो सुरू झाली. तिसऱ्या केमोनंतर तिच्या पोटात पाणीसुद्धा ठरेना. ओकारीची सगळी औषधं करून झाली. शेवटी तिचा डॉक्टर म्हणाला, मेडिकल कॅनाबिस करून बघा, वाफ ओढायची, पोटात काही घालायलाच नको.

म्हणजे गांजा. आमच्या घरात हा शब्द कुणी उच्चारला नाही. मी 'औषध' म्हणत होते आणि राधिकाचा नवरा, अतुल, 'ते' म्हणत होता.

आता यातली गंमत ऐका. या औषधाचं डॉक्टर प्रिस्क्रिप्शन लिहीत नाही. केंद्र सरकारच्या लेखी ते अजून बेकायदा, म्हणून डॉक्टर नुसती शिफारस करतो, राज्य सरकार कार्ड देतं आणि दुकानदार बरणी देतो. आमच्या कारखान्यात ताप उतरवणाऱ्या साध्या गोळीच्या मागे दोनशे पानांची फाईल असते आणि एका सहीची तारीख चुकली तर आख्खा लॉट अडकतो. इथे कॅन्सरच्या पेशंटने थेट फुप्फुसात ओढायच्या वस्तूमागे काय असतं, तर एका खाजगी लॅबचा दोन पानी रिपोर्ट. त्या लॅबला कोण निवडतं? ज्याचा माल तपासायचा, तोच.

राधिकाने कार्ड काढलं. आम्ही मध्यमवर्गीय माणसं, सरकारी शिक्क्याचा कागद हातात आला की निर्धास्त. तिचा नागरिकत्वाचा अर्ज चालू होता, चौदा एप्रिलला इंटरव्ह्यू होता, तरी वकिलाला विचारावं असं आमच्यापैकी कुणालाही सुचलं नाही. राज्यानेच कार्ड दिलंय म्हटल्यावर विचारायचं काय?

त्या नागरिकत्वावर राधिकाच्या आईचं, म्हणजे माझ्या वीणामावशीचं, सगळं अडकलेलं होतं. ग्रीन कार्डवाल्याला आईला इथे कायमचं आणता येत नाही, नागरिकाला येतं. मावशी एकोणऐंशीची, नाशिकला एकटी. काका गेल्यापासून ती फोनवर रोज एकेक वस्तू वाटून टाकत होती. पितळी घंगाळ शेजारच्यांना गेलं, पाट दुसऱ्या एका भाचीला गेले. शिलाई मशीन तेवढं कुणाला द्यायचं ते ठरत नव्हतं.

दुकानात जायला अतुल तयार नव्हता, म्हणून पेशंटच्या वतीने औषध आणणारी अशी माझी नोंद झाली. फेब्रुवारीत मी पहिल्यांदा गेले. बरणीवरचा कोड फोनने स्कॅन केला की लॅबचा रिपोर्ट उघडतो. मी काउंटरशी उभी राहून तो वाचला. जड धातू, कीटकनाशकं, यीस्ट, बुरशी, सगळ्यापुढे 'पास'. मला इतकं बरं वाटलं, की माझ्या मागे उभ्या असलेल्या, केमोवाले घालतात तशी विणलेली टोपी घातलेल्या एका म्हाताऱ्याने "तुम्हाला यातलं कळतं वाटतं?" असं विचारल्यावर मी त्याला छोटंसं लेक्चरच दिलं. "ही बॅच चांगली आहे, मी वाचलंय," म्हणाले. त्याने त्यातल्या दोन बरण्या घेतल्या आणि माझे आभार मानले.

घरी येऊन सवयीप्रमाणे रिपोर्ट छापला आणि फाईलला लावला. राधिकाला त्या म्हाताऱ्याची गोष्ट सांगितली तेव्हा ती कितीतरी दिवसांनी हसली. "ताई, तू दुकानात पण ऑडिट केलंस?"

त्या औषधाने तिला खरंच आराम पडला. ती मऊ भात खाऊ लागली. मग मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात तिला ताप भरला, खोकला सुरू झाला, आणि दोन दिवसांत तिला ॲडमिट करावं लागलं. फुप्फुसात बुरशी वाढत होती. केमोने प्रतिकारशक्ती संपलेल्या माणसाला ती मारू शकते.

इन्फेक्शनची डॉक्टर बाई आली आणि तिने अगदी शांतपणे विचारलं, "बागकाम? कंपोस्ट? ओलं बेसमेंट? काही ओढता का?"

अतुल म्हणाला, "नो. नथिंग."

राधिका भिंतीकडे बघत राहिली. आणि मी, जिची अर्धी हयात दुसऱ्यांची खोटी उत्तरं पकडण्यात गेली, तीही गप्प बसले.

घरी येऊन मी फाईल काढली. या वेळी आधी तारखा बघितल्या. नमुना मिळाला, तीन फेब्रुवारी. रिपोर्टवर सही, चार फेब्रुवारी. बुरशीची तपासणी कशी केली? कल्चर प्लेट, म्हणजे नमुना प्लेटवर पसरायचा आणि बुरशी उगवते का ते बघायचं.

मी खुर्चीवरून उठले आणि पुन्हा बसले. प्लेटवर बुरशी दिसायला पाच दिवस लागतात. तिला कुणी घाई करू शकत नाही. आमच्याकडे या प्लेट्स पाच दिवस इन्क्युबेटरमध्ये असतात आणि सेल्सवाले कितीही नाचले तरी आम्ही त्या आधी वाचत नाही. एका दिवसात 'पास' लिहिणाऱ्या माणसाने प्लेट बघितलीच नव्हती. कदाचित लावलीही नव्हती. मोरेश्वर सरांनी पहिल्या दिवशी शिकवलं होतं ते मी त्या काउंटरवर विसरले, कारण मला ते औषध चांगलं निघायला हवं होतं. आणि वर लोकांना लेक्चर दिलं!

सकाळी मी लॅबला फोन लावला. क्वालिटी मॅनेजर म्हणवणारा एक गोडबोल्या लाइनवर आला.

"मॅडम, आमच्या सगळ्या टेस्ट व्हॅलिडेटेड आहेत."

"एका दिवसात प्लेट कशी वाचलीत तेवढं सांगा."

"तारखेचा टायपो असेल. मी चेक करतो."

त्याने चेक केलं. संध्याकाळी मी तोच कोड पुन्हा उघडला तर रिपोर्टमध्ये नमुना मिळाल्याची तारीख सत्तावीस जानेवारी झाली होती. सही तीच, आकडे तेच, फक्त तारीख एक आठवडा मागे गेली होती. मला त्या माणसाच्या थोबाडीत द्यावीशी वाटली. माझ्याकडे छापलेला जुना कागद आहे, हे त्या शहाण्याला माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी जुना आणि नवा, दोन्ही छापलेले कागद घेऊन मी हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये गाडीत बसून राज्याच्या तक्रार विभागाला फोन केला. शिव नावाचा अधिकारी होता, आवाजावरून तरुण, आईबाप बहुधा आपल्याकडचेच. त्याने सगळं नीट ऐकून घेतलं.

"मॅम, हे दोन रिपोर्ट सीरियस आहेत. मी चौकशी उघडतो. पण त्यांचा वकील टायपोच म्हणणार, त्यात काही महिने जातील. तुमच्याकडे बरणी आहे का?"

बरणी अतुलने फेकून दिली होती. ताप आला त्याच दिवशी, बरणी, वाफेचं यंत्र, सगळं पिशवीत बांधून कचऱ्यात.

"मग पेशंट? पेशंटचं नाव आणि हॉस्पिटलचा कल्चर रिपोर्ट मिळाला तर मी ही बॅच आजच दुकानांतून थांबवू शकतो. आज, मॅम."

"नावाशिवाय नाही?"

"नावाशिवाय तो फक्त कागदांचा वाद आहे."

मी त्याला तासाभराने फोन करते म्हणाले आणि वर गेले. अतुलला कॉरिडॉरमध्येच गाठलं.

"ताई, प्लीज," तो म्हणाला. "वकिलाशी बोललोय मी. राज्याचं कार्ड केंद्राला चालत नाही. एकदा तिचं नाव अशा तक्रारीत आलं की अर्ज मागे घ्यावा लागेल. पाच वर्षं थांबायचं, मग परत फाईल करायचं. मावशी तेव्हा चौऱ्याऐंशीच्या असतील."

"आणि गप्प बसलं तर?"

"इंटरव्ह्यूत विचारलं तर काय सांगायचं ते तुमचं तुम्ही ठरवा, वकील म्हणाला. मी काही ऐकलेलं नाही, म्हणाला."

"छान! म्हणजे खोटं रिपोर्टवाल्यांनी लिहायचं, आपण तिथे जाऊन शपथेवर बोलायचं, आणि ती बॅच दुकानात विकली जाऊ द्यायची. तू बरणी फेकलीस कशाला रे?"

"घाबरलो होतो म्हणून!" त्याचा आवाज एवढा चढला की नर्सने वळून बघितलं. "एकोणीस वर्षं लाइनीत उभा आहे मी या देशात. व्हिसा, एक्स्टेंशन, परत एक्स्टेंशन. माझी बायको आत नळ्या लावून पडलीय. आणि तुम्हीच तर म्हणालात, बॅच क्लीन आहे!"

त्याचं खरं होतं. दोन मिनिटांनी तो माझ्यासमोरच भिंतीला पाठ टेकून खाली बसला आणि रडायला लागला. मी त्याच्याजवळ उभी राहिले, पण माझा राग गेला नव्हता आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवायची माझी लायकी आहे असंही मला वाटत नव्हतं.

आत गेलो तेव्हा राधिका जागी होती. नाकात ऑक्सिजन, ओठ फुटलेले. दार उघडंच होतं. तिने सगळं ऐकलेलं होतं.

"ताई, ती बॅच अजून विकतायत?"

"हो."

"त्या टोपीवाल्या आजोबांनी दोन घेतल्या होत्या ना?"

मी मान हलवली. त्या माणसाचं नावही मला माहीत नव्हतं. नाव असतं तर मी त्याच्या दारात जाऊन उभी राहिले असते.

"लाव फोन."

"राधी, नीट विचार कर. मावशीचं..."

"आईचं मला कळतं गं. लाव."

अतुल पलंगापाशी आला. मला वाटलं आता हा फोन हिसकावून घेणार. मी फोन स्पीकरवर टाकला. शिवने नाव विचारलं. राधिका एकेक अक्षर सुटं सुटं सांगू लागली, तसं इथे आम्हाला सगळ्यांनाच सांगावं लागतं, पण चौथ्या अक्षराला तिला खोकला आला आणि तो थांबेना.

"मेडिकल रेकॉर्ड नंबर असेल तरी चालेल," शिव म्हणाला.

अतुलने तिचं मनगट हातात घेतलं, त्यावरचा पट्टा वळवला आणि त्यावरचा नंबर वाचून दाखवला. मग पुन्हा एकदा, सावकाश. मग तिचं नाव, पूर्ण, आडनावासकट. "माझी वाइफ आहे," तो म्हणाला. "आणि तिने ते फेब्रुवारीपासून घेतलंय. मी डॉक्टरांशी खोटं बोललो होतो. आता जाऊन खरं सांगतो."

दुपारी शिवचा मेसेज आला. बॅच थांबवली होती, सगळ्या दुकानांत. किती बरण्या आधीच विकल्या गेल्या होत्या, ते त्याने लिहिलं नव्हतं. ती लॅब अजून चालू आहे. तिच्या वकिलाने मला पत्र पाठवलंय, की मी त्यांची बदनामी करते आहे. ते पत्र मी छापून फाईलला लावलं. त्यावरची तारीख आधी बघितली.

बॅच थांबली त्याच संध्याकाळी, नाशिकला सकाळ झाल्यावर, मावशीचा नेहमीचा फोन आला. राधिकाने ऑक्सिजनची नळी दिसू नये म्हणून व्हिडिओ बंद केला. मावशी उत्साहात होती. खालच्या मजल्यावरच्या सुनेला शिवण शिकायचं होतं, दुपारी ती मशीन न्यायला येणार होती.

राधिकाने डोळे मिटले. माझा हात तिच्या हातात होता, तो तिने घट्ट धरला.

"आई," ती म्हणाली, "मशीन देऊ नकोस एवढ्यात. तुला लागेल."